सिद्धता आणि संमती

गणितावरची पुस्तके सामान्य वाचकापर्यंत बहुधा दोन रूपांनी येतात. काही पुस्तके कोड्यांची आणि चमत्कारांची असतात. ती वाचताना घटकाभर करमणूक होते आणि पुस्तक मिटल्यावर गणित जिथल्या तिथे राहते. दुसऱ्या प्रकारची पुस्तके गणिताचे स्तोत्र गातात. हे शास्त्र किती निर्दोष, किती शाश्वत, हे त्यांत इतके ठासून सांगितलेले असते की, शाळेत ज्याला भूमितीच्या रायडरांनी रडवले तो वाचक आणखीच दूर सरकतो. गणित करणारा माणूस टेबलाशी बसून नेमके काय करतो, एखादी गोष्ट खरी आहे असे त्याला केव्हा वाटते, आणि त्याला व त्याच्या सोबत्यांना तसे वाटले म्हणून ती खरी ठरते काय, हे प्रश्न या दोन्ही प्रकारच्या पुस्तकांत तसेच राहून जातात. फिलिप डेव्हिस आणि रूबेन हर्श या दोन अमेरिकन गणितज्ञांनी १९८१ साली बोस्टनहून प्रसिद्ध केलेला ‘द मॅथेमॅटिकल एक्सपीरियन्स’ हा ग्रंथ याच प्रश्नांवर उभा आहे. त्याची उत्तरे सर्वांना पटतील असे नाही. प्रस्तुत लेखकालाही त्यांतले शेवटचे आणि सर्वांत महत्त्वाचे उत्तर पटलेले नाही. परंतु ज्या ग्रंथाशी मतभेद नोंदवताना स्वतःच्या विचाराला धार येते, असा हा ग्रंथ आहे. म्हणून त्याचा परामर्श घ्यावासा वाटतो.

ग्रंथकारांचा परिचय थोडक्यात करून देणे योग्य होईल. डेव्हिस (१९२३–२०१८) हे ब्राऊन विद्यापीठात अध्यापक होते. त्यापूर्वी ते वॉशिंग्टन येथील नॅशनल ब्यूरो ऑफ स्टँडर्ड्स या सरकारी संस्थेत संख्यात्मक आकडेमोडीच्या पद्धतींवर काम करीत. म्हणजे गणित प्रत्यक्ष उपयोगात आणताना ते कोठे अडते याची त्यांना जवळून माहिती होती. हर्श (१९२७–२०२०) यांची पहिली पदवी हार्वर्डची, आणि तीही इंग्रजी साहित्याची. गणिताकडे ते नंतर वळले व न्यू मेक्सिको विद्यापीठात स्थिरावले. ग्रंथाला जियान-कार्लो रोटा या नामवंत गणितज्ञांची प्रस्तावना आहे. १९८३ साली विज्ञानविषयक ग्रंथांच्या विभागात याला अमेरिकेचा राष्ट्रीय ग्रंथ पुरस्कार मिळाला. एकाने आकड्यांचा व्यवहार पाहिलेला, दुसऱ्याने शब्दांचा. या दोन हातांची वीण ग्रंथभर जाणवते.

रचनेच्या दृष्टीने हा सलग प्रबंध नाही. लहानमोठ्या निबंधांची ती एक माळ आहे. कोठे इतिहास आहे, कोठे एखादे प्रमेय उलगडून दाखवले आहे, कोठे चक्क संवाद आहेत. त्यांतला ‘आदर्श गणितज्ञ’ हा भाग तर उत्तम व्यक्तिचित्राच्या योग्यतेचा आहे. हा काल्पनिक गणितज्ञ ‘रीमानेतर अतिचौरस’ नावाच्या विषयाचा तज्ज्ञ. हा विषय जगात मोजक्याच लोकांना समजतो; तो त्यांच्यासाठीच लिहितो आणि त्यांच्या पसंतीवर जगतो. विद्यापीठाचा प्रसिद्धी अधिकारी त्याला विचारतो की, आपल्या कामाबद्दल वर्तमानपत्रासाठी दोन ओळी सांगाल काय? त्याला त्या सांगता येत नाहीत. पुढे तत्त्वज्ञानाचा एक विद्यार्थी येऊन त्याला विचारतो की, सिद्धता म्हणजे काय? आधी तो तर्कशास्त्राच्या पुस्तकातली व्याख्या देतो: चिन्हांची भाषा, गृहीतके, अनुमानाचे नियम. विद्यार्थी म्हणतो, पण आपण तर असे कधीच करीत नाही. मग अडखळत, थोडे चिडत, तो कबूल करतो की, विषय जाणणाऱ्याची खात्री पटवणारे विवेचन म्हणजे सिद्धता. आणि विषय जाणणारा कोण, हे ठरवणार कोण? अर्थात विषय जाणणारेच! हा संवाद वाचताना हसू येते, पण ते हसू लवकर ओसरते. कारण प्रश्न थट्टेचा नाही. ज्या शास्त्राला आपण निर्विवाद म्हणतो त्याच्या मुळाशी अखेर काही माणसांची मान्यता आहे काय, असा तो प्रश्न आहे.

या प्रश्नाला तत्त्वज्ञांनी आजवर दिलेली उत्तरे ग्रंथकारांनी प्रसन्न शैलीत मांडली आहेत. प्लेटोच्या परंपरेप्रमाणे संख्या आणि आकृती यांचे एक स्वतंत्र विश्व आहे. गणितज्ञ तिथला प्रवासी, तो शोधतो, निर्माण करीत नाही. जर्मन गणितज्ञ हिल्बर्ट यांच्या नावाशी जोडलेल्या आकारवादाप्रमाणे गणित हा चिन्हांचा नियमबद्ध खेळ आहे. चिन्हांना अर्थ आहे की नाही, ही चौकशीच गैरलागू. रसेल यांनी गणिताला तर्कशास्त्राच्या पायावर उभे करण्याचा प्रयत्न केला. पण १९०१ साली त्यांनाच सापडलेल्या विरोधाभासाने तो पाया हादरला. नेदरलंडच्या ब्राउअर यांनी माणसाच्या अंतःप्रज्ञेला प्रत्यक्ष रचता येते तेवढेच गणित मानावे असा आग्रह धरला. आणि १९३१ साली गोडेल यांनी दाखवून दिले की, अंकगणिताला पुरेशी अशी कोणतीही सुसंगत व यांत्रिक नियमांनी बांधलेली व्यवस्था घेतली तरी तिच्या भाषेत मांडता येणारी, पण तिच्या नियमांनी ना सिद्ध ना असिद्ध करता येणारी विधाने राहणारच. चिन्हांच्या खेळाला स्वतःच्याच नियमांनी पूर्णत्व देण्याची आशा तेथे संपली. ग्रंथकारांचे निरीक्षण मार्मिक आहे: काम चालू असताना बहुतेक गणितज्ञ प्लेटोचे अनुयायी असतात, आणि सुटीच्या दिवशी कोणी तत्त्वज्ञानाचा तगादा लावला की आकारवादाच्या आश्रयाला जातात; कारण खेळच आहे म्हटले की कोणाला उत्तर देणे उरत नाही.

या दोन टोकांच्या मध्ये ग्रंथकार आपली बाजू मांडतात. त्यासाठी त्यांना इम्रे लाकाटोश या हंगेरियन विचारवंताचे मोठे साह्य झाले आहे. लाकाटोश यांच्या ‘प्रूफ्स अँड रेफ्युटेशन्स’ या ग्रंथाचा विषय म्हणजे ऑयलर यांचे एक सूत्र. सपाट पृष्ठांची कोणतीही घनाकृती घ्या; शिरोबिंदूंच्या संख्येतून कडांची संख्या वजा करा, पृष्ठांची संख्या मिळवा, उत्तर दोन येते. ठोकळ्याला आठ शिरोबिंदू, बारा कडा, सहा पृष्ठे; आठातून बारा गेले, सहा मिळवले, दोन आले. सूत्र सुंदर आहे. पण आता मोठ्या ठोकळ्याच्या पोटात लहान ठोकळ्याच्या आकाराची पोकळी ठेवा. शिरोबिंदू सोळा, कडा चोवीस, पृष्ठे बारा. उत्तर चार येते! मग सूत्र खोटे म्हणायचे, की पोकळीच्या ठोकळ्याला घनाकृती म्हणणे चूक? चित्राच्या चौकटीसारखी मधून आरपार मोकळी आकृती घेतली तर उत्तर शून्यही येते. प्रत्येक अपवादाबरोबर व्याख्या बदलते, सिद्धतेतला एखादा लपलेला आधार उघडा पडतो, नवे प्रमेय जन्माला येते. पाठ्यपुस्तकात जे शेवटी छापले जाते ते या सगळ्या वादावादीनंतर शिल्लक राहिलेले असते. विद्यार्थ्याला मात्र तेच प्रारंभ म्हणून शिकवले जाते. आपल्या शाळांतही प्रमेय पाठ करून ‘हेच सिद्ध करावयाचे होते’ असे वहीत लिहून मोकळे होणारी मुले निघाली, ती या रीतीमुळेच. या संदर्भात ग्रंथकारांनी केलेली शिक्षणाची टीका मनोमन पटते.

चार रंगांच्या प्रमेयाची कथा तर त्यांच्या बाजूने साक्ष देण्यासाठीच घडली असावी असे वाटते. कागदावरचा कोणताही नकाशा, शेजारचे प्रदेश एका रंगाचे येऊ न देता, चार रंगांत रंगवता येतो काय? १८७९ साली आल्फ्रेड केंप या इंग्रज बॅरिस्टराने याची सिद्धता प्रसिद्ध केली. ती सर्वांनी मान्य केली. विषय मिटला असे समजून लोक उठले. अकरा वर्षांनी, १८९० साली, पर्सी हीवुड यांनी तिच्यातले भगदाड दाखवले. पुढे १९७६ साली अमेरिकेत ॲपेल आणि हाकेन यांनी ते प्रमेय सिद्ध केले. पण त्यासाठी संगणकाचे सुमारे १२०० तास खर्ची पडले आणि ती संपूर्ण आकडेमोड कोणा एका माणसाला हाताने तपासणे शक्य उरले नाही. मग यंत्रावर विश्वास ठेवून प्रमेय मान्य करावे काय? ग्रंथकार विचारतात की, माणसाने केलेल्या शेकडो पानांच्या सिद्धतेवर तरी आपण कशाच्या बळावर विश्वास ठेवतो? सहकाऱ्याच्या नावावर, परीक्षकाच्या शब्दावर, मासिकाच्या लौकिकावर. तेव्हा गणितही अखेर विश्वासाचाच व्यवहार आहे. ते माणसाच्या इतर ज्ञानासारखेच चुकू शकते, दुरुस्त होऊ शकते. आणि त्याचे विषय हे माणसांच्या सामायिक मनातल्या कल्पना आहेत. हा या ग्रंथाचा निष्कर्ष.

व्यवहाराचे वर्णन म्हणून हे सर्व खरे आहे, आणि ते इतक्या निर्भयपणे सांगितल्याबद्दल ग्रंथकारांचे आभार मानले पाहिजेत. परंतु व्यवहाराचे वर्णन करता करता ते एक पायरी पुढे सरकतात, आणि ती पायरी मला भक्कम वाटत नाही. गणितज्ञ एखादी सिद्धता कशी स्वीकारतात, ही एक गोष्ट झाली. त्यांनी स्वीकारणे हेच तिच्या सत्याचे अधिष्ठान आहे, ही दुसरी. पहिलीवरून दुसरी निघत नाही.

प्रस्तुत लेखक केंद्र सरकारच्या एका कचेरीत हिशेबाच्या कामावर आहे, आणि या मासिकाच्या बहुतेक वाचकांचा दिवसही टिपणे, मसुदे आणि मंजुऱ्या यांतच जातो. संमतीची यंत्रणा काय असते हे आपल्याला कोणी शिकवायला नको. बिल खालच्या टेबलावरून वर जाते, प्रत्येक टेबलावर एक स्वाक्षरी चढते, आणि वरचा अधिकारी खालच्या स्वाक्षरीवर विश्वास ठेवून आपली करतो. प्रत्येकाने प्रत्येक बेरीज स्वतः करायची म्हटले तर महिनाअखेरचा पगारही निघणार नाही. म्हणजे डेव्हिस आणि हर्श जे गणिताविषयी सांगतात ते आमच्या कचेरीलाही तंतोतंत लागू आहे. पण म्हणून चार स्वाक्षऱ्यांनी चुकीची बेरीज बरोबर होत नाही. उलट, बेरीज स्वाक्षरीविना बरोबर किंवा चूक असू शकते म्हणूनच स्वाक्षरीला काही किंमत आहे. लेखापरीक्षक येतो तो याच श्रद्धेने. नाहीतर त्याने फक्त स्वाक्षऱ्या मोजल्या असत्या.

केंप यांची कथा याच दृष्टीने पुन्हा वाचून पाहावी. १८७९ ते १८९० या काळात जाणकारांची संमती त्या सिद्धतेच्या मागे उभी होती. संमती हेच अधिष्ठान असते तर अकरा वर्षे ती सिद्धता निर्दोष होती आणि १८९० मध्ये सदोष झाली, असे म्हणावे लागेल. असे कोणीच म्हणत नाही. ग्रंथकारही म्हणणार नाहीत. ती पहिल्या दिवसापासून सदोष होती, फक्त ते कोणाला दिसले नव्हते, असेच आपण म्हणतो. ‘चूक’ या शब्दाला अर्थ यायचा असेल तर संमतीच्या वर काहीतरी मानावेच लागते. आणि त्या प्रसंगात घडले तरी काय? हीवुड यांनी सभा भरवून मतदान घेतले नाही. त्यांनी एक नकाशा काढून दाखवला, ज्यावर केंप यांची रीत फसते. केंप त्या वेळी रॉयल सोसायटीचे सदस्य, प्रतिष्ठित गृहस्थ. पण त्या एका नकाशापुढे त्यांच्या प्रतिष्ठेचा उपयोग नव्हता, आणि तसा तो करण्याचा प्रयत्न त्यांनी केलाही नाही. चूक त्यांनी स्वतः मान्य केली. त्यांच्याच रीतीतून हीवुड यांनी पाच रंग निश्चित पुरतात हे सिद्ध केले, तेवढे उरले. ज्या व्यवहारात कालचा नवखा आजच्या मान्यवराला एका कागदावर थांबवू शकतो, त्या व्यवहाराचे मर्म संमतीत कसे असेल?

दुसरे उदाहरण याहून बोलके आहे. एका मर्यादेपर्यंत मूळ संख्या किती सापडतील याचा अदमास देणारे एक सूत्र गाउस यांच्यापासून चालत आले आहे. अगदी आरंभीच्या लहान संख्या सोडल्या तर आजवर मोजलेल्या प्रत्येक कोष्टकात हा अदमास प्रत्यक्ष संख्येपेक्षा थोडा जास्तच भरतो. कोष्टके लाखांवरून कोटींवर आणि त्याच्याही कितीतरी पलीकडे गेली, पण क्रम एकदाही उलटलेला दिसला नाही. व्यवहारी माणूस म्हणेल, आता शंकेला जागा कोठे? परंतु १९१४ साली लिटलवुड यांनी सिद्ध केले की, हा क्रम पुढे कोठेतरी उलटतो, आणि एकदा नव्हे, अनंत वेळा उलटतो. ते ठिकाण आजपर्यंत कोणाही मोजणाऱ्याने प्रत्यक्ष पाहिलेले नाही. अनुभव सारा एका बाजूला, आणि सिद्धता दुसऱ्या बाजूला. तरीही गणितज्ञांनी निमूटपणे सिद्धतेची बाजू घेतली. हिशेबनिसाला यात नवल वाटणार नाही. ट्रायल बॅलन्स जुळला म्हणजे खाती बरोबर, असे समजणारा कारकून फार दिवस टिकत नाही. रक्कम एका खात्याऐवजी दुसऱ्या खात्याला गेली असली तरी तो जुळतोच. जुळणे आणि खरे असणे यांतले हे अंतर ज्याने ओळखले, त्याला लिटलवुड यांचे प्रमेय परके वाटणार नाही.

येथे ग्रंथकारांवर अन्याय होता कामा नये. गणित माणसाच्या लहरीवर चालते असे ते म्हणत नाहीत. माणसाने कल्पना निर्माण केल्यावर त्या कल्पनांचे गुणधर्म ठरून जातात, ते आपल्याला ठाऊक असोत वा नसोत, आणि मग ते शोधावेच लागतात, हे त्यांनीही सांगितले आहे. माझी तक्रार एवढीच की, हे वाक्य त्यांच्या साऱ्या भूमिकेचा कणा असायला हवे होते, ते जाता जाता आलेले आहे. कल्पना माणसाची, मग तिच्या परिणामांवर माणसाचा ताबा का नाही? सामायिक मनातच जर संख्या राहत असतील तर सर्वांनी मिळून मन बदलले असता त्या का बदलत नाहीत? या प्रश्नाच्या उंबरठ्यापर्यंत ग्रंथ आपल्याला आणतो आणि तेथे हात सोडतो.

आपल्या परिचयाचे एक उदाहरण घेऊ. मराठी घरांत पूर्वी पाढ्यांबरोबर पावकी, निमकी, पाउणकी, सवायकी, दिडकी आणि औटकी म्हणवून घेत. औट म्हणजे साडेतीन. साडेतीनचा स्वतंत्र पाढा असावा, त्याला असे नाव असावे, तो अमुक ठेक्यात म्हणावा, हे सर्व माणसांनी ठरवले. ते आपल्या समाजाचे, आपल्या भाषेचे. परप्रांतात बदलीवर असलेल्या आपल्यापैकी कित्येकांची मुले आज पाढे हिंदीत किंवा बंगालीत म्हणतात, आणि औटकी हा शब्दही त्यांच्या कानांवर पडलेला नसतो. ती गेली याची हळहळ वाटते, आणि वाटावी. पण चार वेळा साडेतीन म्हणजे चौदा, ही गोष्ट औटकीबरोबर गेलेली नाही. ती आजोबांच्या ओटीवर जितकी खरी होती तितकीच सरकारी क्वार्टर्समध्ये खरी आहे. पाढा रचणे आपल्या हाती होते, उत्तर ठरवणे आपल्या हाती नव्हते. गणित माणसाचे आहे काय, या प्रश्नाला ‘होय’ आणि ‘नाही’ अशी दोन उत्तरे एकाच वेळी का द्यावी लागतात, ते या घरगुती उदाहरणात दिसते. डेव्हिस आणि हर्श यांनी पाढ्याची बाजू अप्रतिम रंगवली आहे. चौदाची बाजू त्यांच्या हातून निसटली.

हा भेद आपल्या परंपरेला अपरिचित नव्हता. भास्कराचार्यांनी ११५० साली पूर्ण केलेल्या ‘सिद्धान्तशिरोमणी’त उपपत्तीचे, म्हणजे सिद्धतेचे, प्रयोजन सांगताना दोन गोष्टींचा वेगवेगळा उल्लेख केला आहे. उपपत्तीविना गणकाला विद्वानांच्या सभेत प्रतिष्ठा लाभत नाही, आणि तो स्वतःही निःसंशय होत नाही, असा त्यांचा आशय आहे. सभा आणि निःसंशयता! पहिलीत संमती आली, दुसरीत ज्ञान आले. आणि दोन्हींचे मूळ एकाच उपपत्तीत आहे. सभेने मानले म्हणून गणक निःसंशय झाला, असे आचार्य म्हणत नाहीत. पुढे कोकणातल्या नांदगावच्या गणेश दैवज्ञांनी ‘लीलावती’वर टीका लिहून तिच्यातील नियमांच्या उपपत्ती दिल्या, आणि केरळात ज्येष्ठदेवांनी ‘युक्तिभाषा’ हा उपपत्तींचा ग्रंथ चक्क मलयाळम भाषेत रचला. सोळाव्या शतकातील हे ग्रंथ पाहता, सिद्धता ही केवळ ग्रीकांची मिरास, भारतीयांना फक्त रीत ठाऊक, हा समज टिकत नाही. गणिताला मानवी व्यवहार म्हणणाऱ्या विचाराला तर अशा दूरच्या परंपरांची साक्ष अधिक जवळची वाटायला हवी.

रामानुजन यांचा प्रसंगही येथे आठवतो. १९१३ च्या जानेवारीत मद्रासच्या पोर्ट ट्रस्टमधल्या या कारकुनाने हार्डी यांना पत्र लिहिले, त्यात सूत्रे होती, सिद्धता जवळजवळ नव्हत्या. ज्या सभेची मान्यता हवी तिचा त्यांना परिचयही नव्हता. तरी त्यांतली बरीच सूत्रे खरी ठरली. आणि मूळ संख्यांविषयीची त्यांची काही विधाने, त्यांची प्रतिभा सर्वांनी मान्य केल्यानंतरही, चुकीचीच राहिली. संमती नसताना जे खरे होते ते खरे होते, आणि गौरव झाल्यावरही जे चूक होते ते चूकच राहिले.

ग्रंथ प्रसिद्ध झाल्यानंतर घडलेल्या गोष्टींनी त्यातला वाद आणखी ताजा केला आहे. १९९३ साली अँड्र्यू वाइल्स यांनी फर्मा यांचे सुप्रसिद्ध प्रमेय सिद्ध केल्याचे जाहीर केले. जगभर जयजयकार झाला. आणि तपासणीत एक दुवा निखळलेला निघाला. १९९४ मध्ये रिचर्ड टेलर यांच्या साह्याने त्यांनी तो सांधला आणि १९९५ मध्ये सिद्धता छापली गेली. जयजयकाराने दुवा सांधला गेला नाही, हे लक्षात घेण्यासारखे आहे. केप्लर यांच्या गोळे रचण्याच्या प्रश्नावर थॉमस हेल्स यांनी १९९८ मध्ये संगणकाच्या मदतीने सिद्धता दिली. परीक्षकांनी अनेक वर्षे खपून आपली ९९ टक्के खात्री झाल्याचे कळवले. उरलेला एक टक्का हेल्स यांना स्वस्थ बसू देईना. त्यांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी पायरीन् पायरी यंत्राकडून तर्काच्या नियमांनी तपासून घेण्याचे काम अंगावर घेतले आणि २०१४ मध्ये ते पुरे केले. चार रंगांच्या प्रमेयाचीही अशीच तपासणी जॉर्ज गाँतिए यांनी २००५ पर्यंत संपवली होती. यावर डेव्हिस आणि हर्श यांचा अनुयायी म्हणेल की, पाहा, शेवटी विश्वास माणसावरून यंत्रावर गेला एवढेच. त्यात तथ्य आहे. पण जवळजवळ सर्वांची संमती मिळाल्यावरही एक माणूस सोळा वर्षे त्याच सिद्धतेपाशी का थांबतो, याचे उत्तर संमतीच्या तत्त्वज्ञानात सापडत नाही.

ग्रंथाचे साहित्यिक गुणदोषही सांगितले पाहिजेत. भाषा स्वच्छ आहे, विनोद सुसंस्कृत आहे, आणि तज्ज्ञतेचा तोरा कोठेही नाही. परंतु निबंध स्वतंत्रपणे लिहिल्यासारखे असल्यामुळे पुनरुक्ती होते, आणि पातळी एकसारखी राहत नाही. एका पानावर शाळकरी मुलाला समजेल असे उदाहरण असते, आणि थोड्याच पानांनंतर रीमान यांच्या अनुमानाची चर्चा पदवीधरालाही घाम फोडते. १९९५ मध्ये एलेना मार्चिसोटो यांच्या सहकार्याने निघालेल्या अभ्यास-आवृत्तीत विद्यार्थ्यांसाठी प्रश्न आणि निबंधांचे विषय जोडलेले आहेत. गणिताशी संबंध सुटलेल्या वाचकाने ती आवृत्ती घ्यावी. आधी आदर्श गणितज्ञाचे चित्र वाचावे, मग लाकाटोश यांच्यावरचे विवेचन, आणि तत्त्वज्ञानाची प्रकरणे शेवटी. मधला एखादा कठीण भाग सुटला तरी बिघडत नाही.

आपण सत्याविषयी मुलांना काय शिकवतो, हा प्रश्न या ग्रंथाच्या निमित्ताने पुढे येतो, आणि तो गणितापुरता राहत नाही. ‘गुरुजींनी सांगितले म्हणून’ हे उत्तर ग्रंथकारांना मान्य नाही. त्याबद्दल त्यांच्याशी कोणाचे भांडण नाही. पण त्याच्या जागी ‘जाणकारांनी मानले म्हणून’ हे उत्तर ठेवले तर मुलाच्या हाती फार काही पडले असे होत नाही. एका गुरुजींच्या जागी अनेक गुरुजी आले, इतकेच. गणिताच्या तासाला, निदान त्या एका तासाला, वर्गातल्या शेवटच्या बाकावरच्या मुलाला फळ्यावरच्या ओळीपुढे उभे राहून ‘हे कसे?’ असे विचारता येते, आणि ओळ चुकलेली असेल तर ती खोडावीच लागते, मग ती कोणीही लिहिलेली असो. हा अधिकार त्याला इतर फार थोड्या ठिकाणी मिळणार आहे. तो कोठून येतो याचा शोध डेव्हिस आणि हर्श यांनी प्रामाणिकपणे आरंभला. त्यांच्या निष्कर्षापाशी न थांबता तो पुढे नेणारे पुस्तक कोणी मराठीत, औटकीपासून सुरुवात करून, लिहिले तर ते अवश्य वाचावेसे वाटेल. तोवर हे पुस्तक हाती पेन्सिल घेऊन, समासात प्रश्न लिहीत वाचावे.